साफ्ताच्या नावाने

झाम्फिराने उकळत्या पाण्यातून बैलाचे शिंग बाहेर काढले, दोन विटांच्या मधे दाबले, वर फळी टाकली आणि फळीवर बसली. शिंग मऊ असते तोवरच फण्यांसाठी सपाट होते. एकदा गार झाले की पुन्हा बर्फ वितळवा, पुन्हा काटक्या शोधा. तिच्या एकटीच्या वजनाने काही होईना, म्हणून तिने शेजारच्या कालिनाला हाक मारली. दोघी म्हाताऱ्या पाठीला पाठ लावून फळीवर बसल्या आणि दोघींनी डोळे मिटले. मार्च निम्मा सरला होता. गोठ्यामागच्या बर्फाला भोके पडू लागली होती.

"काकी, उठा! सैनिक येतोय!" दारातून एक बाई ओरडली. गोठ्यात पळापळ झाली. तरुण पोरींना आयांनी पेंढ्यात ढकलले.

"येऊ दे," कालिना डोळे न उघडता म्हणाली. "आम्हाला उचलायला त्याला बैल लागतील."

"मागच्या साली लागले असते," झाम्फिरा म्हणाली. "आता एका हातात दोघी मावू."

सैनिक लंगडत आला. गोठ्याचे दार गाडी आत जाईल इतके उंच होते, तरी तो आत येताना वाकला. झाम्फिराने ते पाहिले. ओल्ट नदीकाठच्या त्यांच्या घराचे दार बुटके होते. तोदेर सोळा वर्षांचा झाल्यापासून त्या दाराला कपाळ आपटत असे, आणि मग जगातल्या प्रत्येक दाराखाली वाकायची त्याला सवयच लागली होती.

"आई," तो म्हणाला.

"थांब," ती म्हणाली. "शिंग गार होऊ दे."

म्हणाली आणि आपण काय बोललो ते तिच्याच कानांनी ऐकले. तोवर तो गुडघ्यावर बसून तिचा हात ओठांना लावत होता. कालिना हळूच फळीवरून उठली. शिंग एका बाजूने वाकडे झाले.

त्याने पिशवीतून पाव काढला. डॉन नदीवर उजव्या पायाची बोटे गोठून गळाली, तीन महिने इस्पितळात गेले, मग रजा मिळाली, असे तो सांगत होता. गावी गेला तर घराला दार नाही, खिडक्या नाहीत, छपराचा पत्रासुद्धा नाही. शेजाऱ्याने सांगितले, सप्टेंबरात पोलिसांनी सगळ्या रोमा, म्हणजे जिप्सी लोकांना आगगाडीत भरले, बग नदीपलीकडे नेले, तिकडे त्यांना जमीन मिळणार आहे.

"मिळाली की," कालिना म्हणाली. "काहींना मिळाली."

झाम्फिराने तिच्याकडे पाहिले. 

"मी तिकडं सरकारसाठी गोळ्या खातोय, आणि हे माझी बायकापोरं गुरांच्या डब्यात भरतायत," तोदेर म्हणाला. तो चिडून बोलत नव्हता. चीड वाटेत कुठेतरी संपली असावी. "आमच्या मेजरला जाऊन सांगितलं. त्यांनी अर्ज लिहिला. पाच कचेऱ्या फिरलो, आई. हा बघ कागद. बायकोला आणि पोरांना परत न्यायची परवानगी आहे." तो थांबला. "तुझंही नाव घाला म्हटलं. तर म्हणाले, नियमात आईबाप बसत नाहीत."

"आईबाप विटेवर बसतात," कालिना पुटपुटली.

तोदेर हसला नाही. त्याची नजर पेंढ्यातल्या चेहऱ्यांवरून फिरत होती. "साफ्ता कुठंय? पोरं कुठायत?"

झाम्फिराने पाव हातात घेतला आणि तो मोडायला लागली. पाव शिळा होता, मोडत नव्हता. तिने तो गुडघ्यावर आपटला. याला कुठून सांगायला सुरुवात करावी, आधी मुलाचे सांगावे की आधी साफ्ताचे, हे ती ठरवत होती. इतक्यात शेतातून कुजकी बिटे उकरून बायका परत यायला लागल्या, आणि तोदेर एकदम उठला.

बर्फातून एक हिरवा कोट येत होता. हिरव्या लोकरीचा, मेंढीच्या काळ्या कातड्याची कॉलर असलेला. लग्नानंतरच्या पहिल्या हिवाळ्यात त्याने तो साफ्तासाठी शिवून घेतला होता, आणि तसा कोट साऱ्या गावात दुसरा नव्हता.

"साफ्ता!"

तो धावला. बोटे नसलेला पाय बर्फात रुतत होता, तरी धावला. कोट थबकला. कोटाच्या आडून एक लहान मुलगी डोकावली आणि पुन्हा आड झाली. मग त्या बाईने मान वर केली आणि तोदेर जिथे होता तिथेच उभा राहिला.

झाम्फिरा मागून पोचली तेव्हाही ते दोघे तसेच उभे होते.

"साफ्ता जानेवारीत गेली," ती त्याच्या पाठीमागून म्हणाली. "तापानं. तुझा मुलगा त्याच्या आधी, नाताळात. ही स्तांका. जिऊ नदीकडची आहे, इथंच भेटली. आणि ही तुझी दिदिना."

तोदेरने मुलीकडे पाहिले. मुलीने कोटात तोंड खुपसले.

"कुठं ठेवलंय त्यांना?"

"गोठ्याच्या मागं. जमीन दगड झाली होती, कुदळ लागत नव्हती. बर्फ वितळला की पुरू म्हणालेत."

तो गोठ्यामागच्या बर्फाकडे बराच वेळ बघत राहिला. मग म्हणाला, "आणि हा कोट?"

स्तांकाचा हात कॉलरकडे गेला आणि तिथेच राहिला.

झाम्फिराला ते सगळे दिसले होते. त्या दिवशी ती साफ्ताच्या शेजारीच तापात पडलेली होती. बोलता येत नव्हते, हात उचलता येत नव्हता, पण डोळे उघडे होते. स्तांका वाकली, एकेक बटण काढले. साफ्ताच्या तोंडातून अजून वाफ निघत होती. साफ्ताने बाही धरून ठेवली होती, आणि स्तांकाने तिची बोटे एकेक करून सोडवली, अगदी हलक्या हाताने, झोपलेल्या मुलाच्या मुठीतून खेळणे सोडवावे तशी. मग कोट अंगात घातला, रडणाऱ्या दिदिनाला उचलून आत घेतले आणि बटणे लावली. झाम्फिरा तापातून उठली तेव्हा नात जिवंत होती. त्या दिवसापासून दोन महिने एकाच पेंढ्यावर झोपून ती स्तांकाशी कामापुरतेही धड बोलली नव्हती.

"मी दिला," झाम्फिरा म्हणाली. "साफ्ता गेल्यावर मीच काढून दिला. पोरीला घेऊन झोपायला हिच्याकडं दुसरं काही नव्हतं."

स्तांकाने खाली पाहिले.

तोदेर दुपारभर गोठ्यामागे बसून होता. कोणी त्याला हाक मारली नाही. तिथे जाऊन बसणारा तो काही पहिला नव्हता. परत आला तेव्हा त्याने खिशातून साखरेचा खडा काढून मुलीपुढे धरला. तिने तो घेतला, तोंडात टाकला, आणि त्याने तिला उचलताच अशी किंचाळली की बाहेरचा पहारेकरी डोकावून गेला. स्तांकाने हात पुढे केले. मुलगी तिच्याकडे गेली आणि गप्प झाली.

"नऊ दिवसांची रजा उरलीय," तोदेर आईला म्हणाला. "मग पुन्हा आघाडीवर. हिला कुणाकडं ठेवू? तू चल. साफ्ता म्हणून चल."

"सव्वीस वर्षांची?" झाम्फिराने तोंड उघडून उरलेले चार दात दाखवले. "चौकीचा जमादार आळशी आहे, आंधळा नाही."

तोवर गोठ्यात बातमी पसरली होती. कागदावर बायकोचे नाव आहे आणि बायको नाही. एका बाईने आपल्या अठरा वर्षांच्या पोरीला तोंड धुऊन आणले आणि तोदेरपुढे उभे केले. "दादा, हिला न्या. हिला सगळं काम येतं. वाटेत सोडून दिलंत तरी चालेल." पोरगी जमिनीकडे बघत उभी होती. तोदेरने मान फिरवली. दुसरी एक जण नुसती येऊन उभी राहिली, आणि थोड्या वेळाने परत गेली. स्तांका मात्र पुढे आली नाही. ती कोपऱ्यात बसून मुलीच्या केसांतून फणी फिरवत होती.

"तिला ने," झाम्फिरा म्हणाली.

"ती माझी कोण?"

"तुझी कोणी नाही. पोरीची आहे."

"आई, मी साफ्ताच्या जागी..."

"जागा नाही रे बाबा, नाव. नुसतं नाव न्यायचंय." ती थकून भिंतीला टेकली. "इथं साफ्ता अजून जिवंतच आहे. मेल्याचं कळवलं तर तिच्या वाटचं पीठ बंद होतं. कुणीच कळवत नाही. तिचं पीठ खाऊनच ही पोरगी उभी आहे."

अठरा वर्षांच्या पोरीची आई झाम्फिराकडे बघत होती. झाम्फिराने तिच्याकडे पाहायचे टाळले. पण ती बाई तिथेच उभी राहिली, म्हणून शेवटी पाहावे लागले. बाई पोरीच्या पाठीवर हात ठेवून तिला घेऊन गेली.

चौकी तीन कोसांवर होती. कागदावर शिक्का घ्यायला ते दुसऱ्या दिवशी सकाळी निघाले. तोदेर मुलीला खांद्यावर घ्यायला गेला. या वेळी ती किंचाळली नाही, पण स्तांका दिसेल अशा बेताने मान वळवून बसली. तो पुढे, आणि मागे झाम्फिरा आणि स्तांका, चिखलात पाय ओढत.

"साफ्ताच्या बापाचं नाव?" झाम्फिराने विचारले.

"इस्त्राते."

"आईचं?"

"रुसांदा."

"लग्न कधी?"

"द्राक्षं खुडायच्या दिवसात."

"कुठल्या साली?"

स्तांका अडखळली. झाम्फिराने साल सांगितले, पुन्हा म्हणायला लावले. साफ्ताला कांदा चालत नसे. साफ्ताच्या डाव्या पोटरीवर कुत्रा चावल्याचा वण होता. साफ्ता फण्यांचे दात सगळ्यांत बारीक कापायची, सासूपेक्षाही बारीक. हे जमादार विचारणार नव्हता. तरी झाम्फिरा सांगत गेली, आणि स्तांका म्हणत गेली.

एका ठिकाणी स्तांका थांबली. "मावशी, ती जिवंत होती. मी कोट काढला तेव्हा."

झाम्फिरा चालत राहिली.

"तिनं बाही धरली होती."

"मला ठाऊक आहे."

"मग त्याला तसं का सांगितलंत?"

पुढे तोदेरच्या खांद्यावर मुलगी मान वळवून बघत होती, ही का थांबली म्हणून.

"आईचं नाव सांग," झाम्फिरा म्हणाली.

स्तांकाने ओले नाक बाहीला पुसले. "रुसांदा," ती म्हणाली, आणि चालू लागली.

जमादाराची दाढ सुजली होती. गालाला फडके बांधून तो गरम चहा तोंडात धरून बसला होता. त्याने कागद दोनदा वाचला, शिक्का उजेडात धरून पाहिला.

"मुलगा?"

"वारला," तोदेर म्हणाला.

जमादाराने एक ओळ खोडली. "बायको?"

स्तांका पुढे झाली. "साफ्ता."

"वय?"

"सव्वीस."

त्याने तिच्याकडे पाहिले. मग यादी उघडली, बोट खाली आणत नाव शोधले. "हं, आहे. लग्न कुठं झालं?"

स्तांकाचे ओठ हलले, पण आवाज आला नाही. साल, पोटरीवरचा वण, कांदा, सगळे तिच्या चेहऱ्यावर एकदम गोळा झालेले झाम्फिराला दिसले. गावाचे नाव वाटेत सांगायचेच राहून गेले होते.

"आमच्याच गावी, साहेब," झाम्फिरा म्हणाली आणि गावाचे नाव सांगितले. "तापातनं उठल्यापासून ही अर्धं विसरते. परवा स्वतःचं नाव विसरली होती."

"तू कोण?"

"सासू."

"सासू असून सुनेची बाजू घेतेस?"

"आजचा शेवटचा दिवस आहे, साहेब. उद्यापासून भांडायला कोणी नाही."

जमादार हसला, आणि हसताच गाल धरून कळवळला. मग भिंतीवरच्या देवाच्या तसबिरीकडे बोट करून म्हणाला, "तसबिरीकडं बघून सांग. ही तुझी सून?"

झाम्फिराने कपाळ, छाती आणि दोन्ही खांद्यांना बोटे लावून क्रूस केला. गोठ्यामागचा बर्फ तिच्या डोळ्यांपुढे आला. तिने तो तिथेच राहू दिला.

"ही माझी सून," ती म्हणाली. "साफ्ता."

शिक्का उमटला.

दारात दूध नेणारी गाडी उभी होती. तिच्यावरून स्टेशनपर्यंत जाता येणार होते. तोदेरने आईला मिठी मारली आणि बराच वेळ सोडले नाही. "गावी घर उरलं नाही. मी यांना बुझाऊला ठेवतो, वेशीवर वीटभट्टी आहे, मालक ओळखीचा आहे. तिथं आम्हाला कोणी ओळखत नाही. सुटलीस की तिथं ये. वीटभट्टी. लक्षात राहील ना?"

"वीट माझ्या लक्षात राहील," ती म्हणाली.

स्तांकाने वाकून तिच्या हाताला ओठ लावले. जमादार खिडकीत उभा होता, त्यामुळे ते कोणासाठी होते हे झाम्फिराला कळले नाही. तिने हात मागे घेतला नाही, एवढेच. गाडी गेल्यावर ती तीन कोस चालत परत आली आणि कालच्या वाकड्या शिंगाचे तुकडे करून त्यातून जेवढ्या निघतील तेवढ्या लहान फण्या काढायला बसली.

पुढच्या वर्षी त्याच दिवसांत आघाडी मोडली. एका सकाळी चौकीत कोणी नव्हते. लोक दोन दिवस गोठ्यातच बसून राहिले, मग एकेक करून पश्चिमेकडे चालू लागले. कालिना नदीपर्यंत आली. नीस्तर नदीच्या काठावर ती बसली, म्हणाली, "तू हो पुढं, मी जरा पाय शेकते," आणि उन्हाकडे तोंड करून बसली ती उठलीच नाही. झाम्फिरा तिच्याजवळ संध्याकाळपर्यंत थांबली.

मग ती एकटी चालली. वाटेत फण्या देऊन कुठे बटाटा घेतला, कुठे दूध, आणि बरेचदा काहीच नाही. लष्कराच्या गाड्या दिसल्या की शेतात आडवी व्हायची आणि कितीदा तरी तिथेच झोप लागायची. मेच्या शेवटी ती बुझाऊच्या वेशीवर पोचली, तेव्हा तिच्या पायांत बूट नव्हते, आणि ते कधीपासून नव्हते हे तिला आठवत नव्हते.

वीटभट्टीच्या अंगणात एक मुलगी चिखलाच्या भाकऱ्या थापत होती. उंच झाली होती. तिने मान वर केली, नीट पाहिले, आणि आत तोंड करून ओरडली, "आई, कोणीतरी आलंय!"

कोपरापर्यंत मातीने भरलेली स्तांका बाहेर आली. साच्यांच्या रांगेपलीकडून मालकाच्या बायकोने विचारले, "साफ्ता, कोण आहे गं?"

"माझी सासू," स्तांका म्हणाली. "माझी सासू आली."

खोली लहान होती. एक खाट, एक चूल, खिडकीत कांद्याची पात लावलेला डबा. स्तांकाने तिला खाटेवर बसवले, पाय उचलून वर घेतले आणि ते पाहून पाणी तापत ठेवले.

"त्याचं पत्र नोव्हेंबरात आलं होतं," ती चुलीकडे तोंड करून म्हणाली. "क्रिमियातून. त्यानंतर नाही. मी दर रविवारी टपालात जाऊन विचारते."

झाम्फिराने मान हलवली. तिला ते ठाऊक नव्हते, आणि ठाऊक असल्यासारखेही वाटले.

"तो फार भला होता," स्तांका म्हणाली. "रजेचे उरलेले सहा दिवस तो दाराबाहेर झोपला. मला एकदाही नावानं हाक मारली नाही. ते नाव त्याच्या तोंडून निघेना, आणि दुसरं घ्यायची भीती." तिने काटकी मोडून चुलीत घातली. "बाकी सगळे साफ्ताच म्हणतात. भट्टीवर, टपालात, चर्चमध्ये पाद्रीबाबासुद्धा. आता मी पहिल्या हाकेला ओ देते, मावशी. कधी कधी झोपेतनंही."

मुलगी दारात येऊन उभी होती, आजीच्या पायांकडे टक लावून बघत.

चौदा महिने ती या क्षणी काय म्हणायचे ते ठरवत आली होती. शिव्याही ठरवल्या होत्या, चांगल्या निवडक, चालताना एकेक घोळवलेल्या. कोट कुठे आहे, हे विचारायचे होते. त्यांतले आता काहीच सापडेना. समोर एक दमलेली बाई पाठ करून बसली होती, आणि तिच्या मानेवर माती वाळली होती.

"स्तांका," झाम्फिरा म्हणाली, "जरा पाणी दे गं."

चुलीपाशी बसलेल्या बाईची पाठ ताठ झाली.

"काय म्हणालात?"

"प्यायला पाणी दे म्हटलं, स्तांका."

"अगं आजी," मुलगी दारातून खिदळली, "आईचं नाव साफ्ता आहे! तुला एवढंपण माहीत नाही?"

स्तांका उठली. तिने बादलीत पेला बुडवला. तो बाहेर काढेपर्यंत निम्मे पाणी तिच्या हातावरून खाली गेले. तिने तो पुन्हा बुडवला, काठोकाठ भरला आणि दोन्ही हातांनी धरून म्हातारीपुढे आणला. झाम्फिरा पाणी पिऊ लागली. पेला रिकामा होईपर्यंत स्तांका तिच्यासमोर उभी राहिली, आणि मुलीची चूक दोघींपैकी कोणीही सुधारली नाही.